आखूड कमानीचा दिवा

विहीणबाई,

तुम्ही जिवंत असतात तर हे पत्र मी लिहिलं नसतं. लिहिलंच असतं, तर दुकानात येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला तुम्ही ते वाचून दाखवलं असतं, आणि मधेमधे 'शिकलेली बाई आहे, तरी कबूल करतेय बघा' असं म्हणत गेला असतात. आता तो धोका उरला नाही, तेव्हा बोलून टाकते. मला तुमचा हेवा वाटायचा. वाटायचा कसला, अजून वाटतो. माणूस गेलं की मनातलं सगळं धुऊन निघतं असं म्हणतात. म्हणणाऱ्यांना विहीण नसावी.

हे पत्र चार लोक वाचणार आहेत. म्हणून तुम्हाला ठाऊक असलेल्या गोष्टीही सांगत जाते. कंटाळा आला तरी ऐकून घ्या. मी तुमचं पुष्कळ ऐकून घेतलंय.

तुमची मुलगी माझी सून. आपला संबंध एवढाच, पण तेवढा पुरला. मी रसायनशास्त्र घेऊन पदवीधर झाले आणि उभा जन्म पाण्याचे नमुने तपासण्यात घालवला. नळाला येणारं पाणी पिण्याजोगं आहे की नाही, ते माझ्या सहीने ठरायचं. तुम्ही टेबलावरच्या दिव्यांच्या शेडी करायच्या. माझी सही कधी कोणी पाहिली नाही. तुमच्या शेडी मात्र संध्याकाळी रस्त्याने जाताना निम्म्या खिडक्यांतून दिसायच्या, आणि त्यातल्या एखाद्या गुलाबी झालरीकडे बोट दाखवून माझी सून म्हणायची, 'ती आईची.' मी म्हणायची, 'छान.' पण ही आपली किरकोळ पोटदुखी. खरी पुढे आहे.

तुमचं दुकान म्हणजे दोन भिंतींमधली फट. एका अंगाला दातांचा डॉक्टर, दुसऱ्या अंगाला इस्त्रीवाला, मधे तुम्ही. आत शिरलं की डोक्याला तारेच्या चौकटी लागायच्या. कापड न चढवलेल्या, छतापासून लोंबणाऱ्या, कोंबड्या झाकायच्या डालग्यांसारख्या. खाली लांब फळी. फळीवर सरसाचा डबा, कात्र्या, फितींची रिळं, आणि तपासायला म्हणून पेटवून ठेवलेले उघडेबोडके बल्ब. फळीच्या टोकाला तुम्ही. तोंडात टाचण्या. ओठांच्या एका कोपऱ्यात टाचण्या धरायच्या आणि दुसऱ्या कोपऱ्यातून टोमणे सोडायचे, ही कला मी दुसऱ्या कुणात पाहिली नाही.

मूळच्या तुम्ही शिवणकाम करणाऱ्या. लहान मुलींच्या फ्रॉकना झालरी लावायच्या. तुमचे यजमान, ज्यांना सगळे मिस्त्री म्हणत, ते लेथवर दिव्यांच्या लाकडी बैठका करायचे, त्यात नळी घालायचे, नळीतून वायर ओढून वर होल्डर बसवायचे. शेडी बाहेरून यायच्या. तुम्ही शेडीत कशा शिरलात, याच्या तीन कहाण्या मी तुमच्याच तोंडून ऐकल्या आहेत. एकीत मांजराने गिऱ्हाइकाची शेड फाडली आणि तुम्ही कोटाचं अस्तर उसवून ती रातोरात नवी केलीत. दुसरीत शेडवाला कुणाच्या तरी बायकोबरोबर पळून गेला. तिसरीत मिस्त्रींनी पैज लावली. खरी कोणती, असं मी एकदा विचारलं, तर म्हणालात, 'गिऱ्हाईक बघून ठरवते.' सगळ्या कहाण्यांचा शेवट मात्र एकच असायचा: पहिलीच शेड अशी झाली की मिस्त्री बघतच राहिले. मिस्त्री हयात असताना हे त्यांच्यासमोर सांगायच्या आणि ते मान खाली घालून वायर सोलत बसायचे. ते खरंच बघत राहिले होते की नाही, हे त्यांनी कधी सांगितलं नाही. तुमच्या घरात सांगायचं काम एकटीकडेच होतं.

पोरांनी आपापलं ठरवलं आणि मग आपली गाठ घालून दिली. मी नवी साडी नेसून, खोकल्याच्या गोळ्या पर्समध्ये टाकून, चार बऱ्या गोष्टी बोलायच्या तयारीने आले. तुम्ही ना प्रकृती विचारलीत, ना प्रवास. समोर बल्ब नसलेला दिवा आणून ठेवलात आणि शेड कशाच्या आधाराने उभी राहते, ते मला शिकवायला घेतलंत. मला. जिच्या सहीवाचून गावाला पाणी मिळत नसे, तिला.

तीन तऱ्हा असतात, म्हणालात. पहिली शेड बल्बलाच धरते. तिच्या पोटात तारेची दोन कडी असतात, ती बल्बच्या अंगावर चिमट्यासारखी बसवायची. हिला तुम्ही गळेपडू म्हणायच्या. शेड लहान नि हलकी असेल तर ठीक, जरा जड झाली की मान टाकते. दुसरी होल्डरभोवती बसते. तिचं कडं होल्डरच्या गळ्यात घालायचं आणि वरून आट्यांची चकती आवळायची. हा घरजावई. एकदा बसला की बसला, वर नाही, खाली नाही, आहे तिथे सुखी. असं म्हणून तुम्ही माझ्या मुलाकडे पाहिलंत. तो तेव्हा तुमच्याकडची चौथी बशी संपवत होता. मला हसू आलं आणि ते आल्याचा राग आला.

तिसरी कमानीची. हिच्याबद्दल बोलताना तुमचा आवाज बदलायचा. होल्डरच्या खाली एक लहानशी पट्टी असते, तिचे दोन्ही कान वर वळलेले. त्या कानांत तारेच्या कमानीचे दोन पाय बसतात. कमान बल्बला न शिवता त्याच्या दोन्ही बाजूंनी वर जाते आणि माथ्यावर मिळते. माथ्यावर उभा स्क्रू. शेडच्या वरच्या कड्यातून तीन तारा मध्याकडे आलेल्या, मधे भोकाची चकती. ती चकती स्क्रूवर ठेवायची आणि वरून घुंडी फिरवायची. शेडचा भार कमानीवर, कमानीचा पट्टीवर, पट्टीचा नळीवर, नळीचा बैठकीवर. बल्बवर गुंजभरही नाही. शेड उंच हवी असेल तर लांब कमान घाला, खाली हवी असेल तर आखूड. बाकी काही बदलावं लागत नाही.

'जो जळतोय त्याच्यावर भार टाकायचा नाही,' म्हणालात, आणि घुंडी मला फिरवायला दिलीत. मी उलटी फिरवली.

तुमचं सगळंच काही सोन्याचं नव्हतं, हेही लिहून ठेवते, नाहीतर तिकडे बसून फुगाल. स्टेशनाजवळच्या हॉटेलची मोठी ऑर्डर घेतलीत तेव्हाची गोष्ट. मिस्त्री नुकतेच गेले होते, दिवे उघडून होल्डरखाली कमानीच्या पट्ट्या घालायला कोणी नव्हतं, आणि मालकाला घाई. तुम्ही प्रत्येक खोलीसाठी गळेपडू शेड करून दिलीत, आणि वर हौसेने मण्यांच्या झालरी लावल्यात. मण्यांच्या भाराने एकजात सगळ्या शेडी एका अंगाला कलल्या. खोल्याखोल्यांतून दारू प्यायल्यासारखे दिवे. सगळ्या परत आल्या. तुम्ही म्हणालात, हॉटेलचे बल्ब निकृष्ट. मी त्या आठवड्यात तीनदा तुमच्या दुकानावरून गेले, काही काम नसताना. दाराशी ढीग पडला होता. बघून बरं वाटलं.

मग नात झाली. आकाराने एवढीशी पण झोंबायची, म्हणून तिचं नाव पडलं मिरी. बोलायला लागली तेव्हा तुम्हाला म्हणाली 'दिवेआजी'. मला म्हणाली 'आजी'. आता आजी हा काय शब्द आहे का? रस्त्यात भाजीवाला मला आजी म्हणतो, बसमधला कंडक्टर म्हणतो. तुम्हाला स्वतंत्र नाव, आणि मी सरसकट.

मिरी शाळेत जाऊ लागली आणि प्रश्न आला. सून दवाखान्यात एक्स-रे काढायची, मुलगा दिवसभर बाहेर. शाळा सुटल्यापासून आईबाप घरी येईपर्यंत पोरीला कोणीतरी सांभाळायला हवं. मला यात प्रश्नच दिसला नाही. माझं घर शांत. खिडकीजवळ टेबल. मी खण रिकामे केले, रंगीत पेन्सिली आणून बरणीत उभ्या केल्या, खुर्चीवर उशी ठेवली. तुमच्याकडे काय, तर कात्र्या, सरस आणि दातांच्या डॉक्टरकडून येणारी किंकाळी. सगळे जमले असताना मुलाने कौतुकाने मिरीलाच विचारलं, 'कुणाकडे राहशील?' मूर्ख मुलगा. ती म्हणाली, 'दिवेआजीकडे. तिथे स्क्रू असतात.'

तुम्ही तेव्हा नुसत्या बशीतला टोस्ट कॉफीत बुडवून खात राहिलात. ते निवांत खाणं माझ्या जास्त जिव्हारी लागलं.

रविवार तेवढा माझा. रविवारी ती यायची ती स्वेटरला रंगीत दोऱ्याचे तुकडे चिकटवून, बोटांना सरसाचा वास घेऊन. आल्या आल्या माझ्या बाहेरच्या खोलीतल्या दिव्याची घुंडी दाबून बघायची आणि म्हणायची, 'आजी, सैल आहे.' मी चित्र काढायला बसवलं की पेन्सिली ओठांत धरायची आणि दुसऱ्या कोपऱ्यातून बोलायची. तुमचंच तोंड. माझ्या घरात, माझ्या टेबलाशी, माझ्या मुलाच्या मुलीच्या चेहऱ्यावर तुमचं तोंड. माझा तिळपापड व्हायचा, आणि मी तिला सांगायची, पेन्सिली तोंडात घालू नयेत, शिसं असतं. शिसं नसतं हे मला चांगलं माहीत होतं.

तेव्हा मी ठरवलं, या पोरीला दिव्यानेच परत आणायचं. माझ्या टेबलावर असा दिवा हवा की तिने तुमचं दुकान विसरावं. दुसऱ्या दुकानातून आणायचं मनात होतं, पण तो दिवा मिरीने पहिल्या रविवारीच उघडून बघितला असता आणि त्यात खोट काढली असती. नाइलाजाने तुमच्याकडे आले. म्हटलं, डोळे कमजोर झालेत, वाचायला एक चांगला दिवा करून द्या.

'बसणार कोण?' तुम्ही विचारलंत. हा तुमचा पहिला प्रश्न सगळ्यांनाच असायचा.

'मी.'

'तुम्हीच?'

'मग काय मांजर बसवणार आहे?'

'बरं. खुर्ची बघायला येते.'

तुमची ही पद्धत सगळ्यांना ठाऊक होती. दिवा दुकानात बघून शेड करायची नाही. गिऱ्हाइकाच्या घरी जायचं, तो जिथे बसणार त्या खुर्चीत स्वतः बसायचं, दोऱ्याचं एक टोक आपल्या डोळ्याशी धरायचं आणि दुसरं दिव्याच्या जागी. बसलेल्याच्या डोळ्यांच्या रेषेत शेडची खालची कड यायला हवी. कड वर गेली तर बल्ब डोळ्यांत घुसतो, खाली आली तर उजेड ताटलीएवढा पडतो. लोक म्हणतात दिव्याखाली अंधार. त्यांनी शेडचा दिवा पाहिला नसावा, तिथे खालीच तर उजेड असतो. पण तो किती खाली, हे ज्याच्या त्याच्या डोळ्यावर. मोठमोठ्या वकिलांच्या खुर्च्यांत तुम्ही बसून आला होतात. एका न्यायाधीशाच्या खुर्चीत बसून त्याच्या बायकोला म्हणाला होतात म्हणे, 'यांची मान आखूड आहे, सांभाळा.'

माझ्याकडे आलात. चपला दाराशी काढल्यात, चौफेर नजर फिरवलीत. टेबल, बरणी, पेन्सिली, उशी. मग खुर्चीत बसलात, आणि बसल्या बसल्या खाली घसरलात. पाय टेबलाखाली पार भिंतीपर्यंत लांबवलेत, पाठ खुर्चीच्या काठाला, हनुवटी जवळजवळ टेबलाला टेकलेली. एक डोळा मिटून दोरा ताणलात आणि मला म्हणालात, 'ते टोक धरा नीट.' मी धरलं. मनात म्हटलं, काय ही बसायची रीत. जणू न्हाव्याकडे दाढीला आल्यात. माझ्या खुर्चीत आजवर कोणी असं लोळलं नव्हतं.

मग टोस्ट मागितलात, कॉफीत बुडवून खाल्लात आणि गेलात.

दिवा तुम्ही स्वतः घेऊन आलात, जुन्या चादरीत लहान मुलासारखा गुंडाळून. बैठक मिस्त्रींच्या हातची, मी ओळखली. शेड फिकट पिवळी, साधी, एकही झालर नाही. तुमच्या हातून झालर सुटलेली मी तेव्हाच पाहिली. तुम्ही टेबलावर ठेवलात, घुंडी फिरवलीत, आणि मी बसायच्या आत 'चुलीवर सरस आहे' म्हणून निघून गेलात.

मी बसले, दिवा लावला. शेड इतकी खाली की दिव्याने टोपी डोळ्यांवर ओढून घेतल्यासारखी. उजेड पुस्तकाच्या मधोमध गोल पडला आणि कडेच्या ओळी अंधारात. वाचायचं तर मला कमरेत वाकावं लागत होतं. घुंडी काढून बघितली. आत कमान, आणि ती आखूड. मला यात संशयच राहिला नाही. बाईने मुद्दाम केलंय. मी कशासाठी दिवा करून घेतेय हे तिने ओळखलंय आणि माझा डाव मोडायला कमान आखूड घातलीय. तशीच उठले, रस्ता ओलांडताना एका सायकलवाल्याच्या शिव्या खाल्ल्या, आणि तुमच्या दुकानात शिरले. दातांचा डॉक्टर कशाला तरी आला होता, तो फळीशी उभा. बरं झालं म्हटलं, साक्षीदार आहे.

'विहीणबाई, कमान आखूड बसवलीत.'

'नाही.'

'मला वाकून वाचावं लागतंय.'

'मग वाकू नका. तुम्हाला वाचायला कुणी सांगितलंय?'

डॉक्टर तोंडावर हात ठेवून हसला. लोकांचे दात बघणारा माणूस, स्वतःचे लपवून हसतो.

'दिवा माझ्यासाठी केलाय ना?' मी म्हटलं.

तुम्ही तोंडातल्या टाचण्या एकेक करून काढल्यात आणि मनगटावरच्या गादीला टोचून ठेवल्यात. दुकानात टाचण्यांशिवाय तुमचं तोंड मी पहिल्यांदाच पाहत होते. म्हातारं दिसत होतं.

'बसणाऱ्याचा डोळा बघून केलाय,' म्हणालात.

'बसणारी मी आहे.'

'मग ती उशी?'

'कंबरेसाठी.'

'कंबरेची उशी पाठीला असते हो. तुमची बसायच्या जागेवर होती.'

डॉक्टर उगाच एका तारेच्या चौकटीला हात लावून बघू लागला. तुम्ही त्याच्याकडे पाठ केलीत आणि आवाज खाली आणलात. तुम्हाला आवाज खाली आणता येतो, हेही मला तेव्हाच कळलं.

'सोमवारपासून तिला तुमच्याकडे पाठवते,' म्हणालात. 'इथे डोळे चुरचुरतात तिचे. सारखे उघडे बल्ब. मी बल्बवर कापड टाकते, पण मग मला दिसत नाही. अभ्यास घ्यायची वेळ आलीय आता. माझ्याकडे दिवे आहेत, टेबल नाही.'

आणि टाचण्या परत तोंडात गेल्या. म्हणजे बोलणं संपलं.

मी जिंकून घरी आले. मला हवी ती संध्याकाळ, रोजची, माझ्या पदरात पडली होती. आणि विहीणबाई, वाटेत माझं पोट आधीपेक्षा जास्त दुखत होतं. मी हिसकावून घ्यायला गेले होते आणि तुम्ही देऊन मोकळ्या झालात. देणाऱ्याचा हेवा फार वाईट. त्याला कोणी सहानुभूतीही दाखवत नाही.

सोमवारी मिरी आली. उशीवर चढून बसली, दिवा लावला. शेडची कड बरोबर तिच्या डोळ्यांशी. उजेड तिच्या लहानशा वहीवर, वहीच्या चारी कोपऱ्यांपर्यंत, आणि बल्ब कुठून म्हणून दिसत नाही. तेव्हा मला तुमचं ते घसरून बसणं कळलं. तुम्ही स्वतःला नातीच्या उंचीएवढं करून घेतलं होतंत. त्यासाठी उभ्या जन्मात कुणापुढे न वाकलेल्या तुम्ही माझ्या खुर्चीत लोळला होतात. मिरीला विचारलं, कसा आहे दिवा? ती म्हणाली, 'माझाच आहे.' मग तिने दिव्याकडे परत पाहिलंही नाही, लिहायला लागली. मी शेजारच्या स्टुलावर बसले. तिथवर उजेड पोचत नव्हता.

म्हणजे बघा. पोरगी माझ्या घरात, माझ्या टेबलाशी, माझ्या शिकवण्याखाली, आणि सगळी संध्याकाळ तुमच्या उजेडात.

त्या दिवसांत एका गोष्टीने मात्र मी निवले. तुम्हीही जळायच्या. मिरीला न्यायला सुनेनं यायचं ठरलं होतं, पण सुनेच्या आधी तुम्हीच दारात उभ्या. 'काम लवकर आटपलं,' म्हणायच्या. तुमच्या बोटांवरचा सरस अजून ओला असायचा. आत येऊन शेडला जरासा हात लावायचा, घुंडी अर्धा आटा फिरवायची, मग सरळ करायची. 'आज काय शिकवलं आजीनं?' असं विचारायच्या, दवाखान्यात औषध विचारावं तसं. एकदा मिरीने तुमच्यासमोर लिंबाच्या पाण्यात निळा कागद बुडवून लाल करून दाखवला आणि म्हणाली, 'दिवेआजी, हे तुला येतं?' तुमचा चेहरा मी अजून विसरलेली नाही. दुसऱ्या दिवशी तुम्ही तिला पितळी स्क्रूंची पुडी आणून दिलीत. मी तिसऱ्या दिवशी भिंग दिलं. पोरीची चंगळ झाली आपल्या पोटदुखीवर.

दिवा देऊन झाल्यावर थोड्याच दिवसांनी तुम्ही मला सांगितलं होतंत, 'ती वाढली की दिवा घेऊन या. लांब कमान काढून ठेवलीय, बदलून देते.' फळीवरच्या खिळ्याला ती टांगलेली मी पाहिली. लाल फितीची गाठ मारलेली, दुसऱ्या कुणाला जाऊ नये म्हणून. काम ते काय? घुंडी काढायची, शेड उचलायची, कमानीचे पाय जरा दाबून पट्टीच्या कानांतून सोडवायचे, लांब कमान बसवायची. तोवर ते मला झोपेतही आलं असतं. कागदात गुंडाळून दिली असतीत तरी झालं असतं. पण तुमचं म्हणणं, दिवा दुकानात आणा. माझं म्हणणं, खुर्ची बघायला तुम्हालाच यावं लागतं, मग येतानाच घेऊन या. 'गरज कुणाची?' तुम्ही विचारायच्या. 'काम कुणाचं?' मी विचारायची. दिवा काखेत मारून मी तुमच्या दारात आले असते तर तुम्ही डॉक्टरला हाक मारून दाखवलं असतंत, ते मी पुरतं ओळखून होते. आणि कमान हातात घेऊन तुम्ही माझ्या दारात यायच्या नाहीत, रोज न चुकता रिकाम्या हाताने यायच्या.

मिरी वाढत गेली. आधी उशी गेली. मग खुर्ची मागे सरकली. मग ती मान तिरकी करून लिहू लागली. 'आजी, कमान बदल ना गं.' मी म्हणायची, दिवेआजी आणणार आहे. तुमच्याकडे गेली की तुम्ही म्हणायच्या, आजी दिवा आणणार आहे. तिला ते सगळं समजत होतं. तिरक्या मानेनेच हसायची. पुढे ती मोठ्या टेबलाशी, वरच्या ट्यूबलाइटखाली अभ्यास करू लागली, आणि मी त्या दिव्याशी वाकून वाचू लागले. कंबर धरली तरी वाचते.

तुम्ही गेलात ते साध्या तापाचं निमित्त होऊन. कोणाला वाटलंही नव्हतं. मी पुष्कळ रडले, हे तुम्हाला पटणार नाही. मिरी तेव्हा कॉलेजात होती. आली, आणि घरी न येता सरळ दुकानात जाऊन फळीशी बसून रडली. माझा खांदा इथे रिकामा होता. बघा, म्हणजे त्याही दिवशी.

दुकान आता किल्ल्या करणाऱ्याने घेतलंय. फळी तीच, खिळे तेच. मिरीला परगावी नोकरी लागली, खोली मिळाली, खोलीत टेबल आहे. परवा तिचा फोन आला. म्हणाली, 'आजी, तो दिवा मी माझ्याकडे नेते. फक्त कमान बदलून ठेव. ती तिथेच आहे, मी बोललेय किल्लीवाल्याशी, देतो म्हणाला. आखूड कमानीनं मला आता काही दिसत नाही गं.'

हो म्हटलं. काय म्हणणार?

काल गेले. किल्लीवाला यंत्रावर किल्ली घासत होता. त्याच्या डोक्यावर खिळा, खिळ्याला तुमची लांब कमान, फितीचा रंग उडालेला. हात वर केला असता तर पोचला असता. ती घरी नेली की शेड वर जाईल, दिवा मिरीच्या डोळ्याला येईल, आणि ती तो उचलून घेऊन जाईल. टेबल राहील. टेबल माझ्याकडे होतंच.

'काय हवं होतं, आजी?' त्याने यंत्र थांबवून विचारलं.

मी पर्समधून घराची किल्ली काढली आणि म्हटलं, 'अशीच एक करून दे.' त्याने करून दिली, पैसे घेतले. दाताच्या डॉक्टरने आपल्या दारातून हात केला. मी किल्ली घेऊन घरी आले. कमान तुमच्याच खिळ्याला आहे, विहीणबाई.